डिटेक्टिव्ह थीमचा वाढदिवस: अकरा वर्षांच्या मुलांसाठी रहस्य कसं रचायचं

प्रश्न थोडक्यात असा आहे: मुलगी डिसेंबरात ११ वर्षं पूर्ण करतेय, तिला 'डिटेक्टिव्ह' थीम हवी आहे आणि 'बाळांसारखं काही नको' एवढीच तिची अट आहे. मुलं १६, जागा सोसायटीचा हॉल, खर्चाची मर्यादा १२,००० रुपये. इव्हेंटवाल्याने मागे लावायचा फ्लेक्स, फुग्यांची कमान, भिंगाचे कटआउट आणि माइकवाला अँकर असं पॅकेज दिलंय, त्यातच जवळपास सगळे पैसे संपतात. घ्यावं का?

नका घेऊ. मी पुण्यात बरीच वर्षं मुलांची शिबिरं आणि वाढदिवस घेते आणि या वयाबद्दल माझं मत पक्कं आहे. पाच वर्षांच्या मुलाला थीम डोळ्यांनी दिसली की पुरतं. अकरा वर्षांच्या मुलीला ती हातांनी करायला मिळावी लागते. फुग्यांच्या कमानीसमोर ही मुलं दोन फोटो काढतात आणि मग 'आता काय?' म्हणून एकमेकांकडे बघतात. तिथून पुढे हॉलभर पळापळ, नाहीतर कोपऱ्यात मोबाइल. तेव्हा सजावट एका टेबलापुरती ठेवा आणि पैसे, वेळ, डोकं सगळं खेळात घाला. डिटेक्टिव्ह थीमला तर सजावट लागतच नाही. तिला लागतो एक चांगला रचलेला गुन्हा.

अँकर नको म्हणण्याचं कारण वेगळं आहे. या वयाच्या मुलांना सगळ्यात मोठी भीती असते ती चारचौघांत हसं होण्याची. 'चला, आता बर्थडे गर्ल आपल्याला डान्स करून दाखवणार' हे माइकवर ऐकलं की तिचा चेहरा बघा. म्हणून माझे तीन नियम ठरलेले आहेत आणि ते मी पालकांना आधीच सांगते. कुणालाही एकट्याने पुढे बोलवायचं नाही. 'आउट झालास, बाजूला बस' असा एकही खेळ घ्यायचा नाही. आणि केक कुणाच्याही तोंडाला फासायचा नाही, मोठ्यांनी तर अजिबात नाही. ज्या मुलीने आरशासमोर अर्धा तास घालवून केस बांधलेत, तिच्यासाठी ती गंमत नसते, अपमान असतो. ती तुम्हाला तसं सांगणार नाही, पण पुढच्या वर्षी 'पार्टी नको' म्हणेल.

औक्षणाचंही तिलाच विचारा. बऱ्याच मुलींना सकाळी घरी आजीने ओवाळलेलं आवडतं, मित्रमैत्रिणींसमोर अवघड वाटतं.

पहिला निर्णय: तिला खेळायचंय की खेळवायचंय?

हे ठरल्याशिवाय पुढचं काहीच ठरत नाही. रहस्य रचण्यात मुलगी सामील झाली तर तिला चोर कोण ते माहीत असणार, मग स्वतःच्याच वाढदिवसाला ती तपास करू शकणार नाही. आणि तिला काहीच सांगितलं नाही, तर तिला जे नेमकं हवं होतं ते सोडून तुमच्या मनातलं होईल. तिला सरळ विचारा. काही मुलींना पडद्यामागे राहून सगळ्यांना कोड्यात टाकायचं असतं. अशी मुलगी तपास पथकाची 'प्रमुख' होते, पुरावे वाटते, अडलेल्या गटाला एखादा धागा देते. काहींना मात्र मैत्रिणींबरोबर धावत चोर पकडायचा असतो. त्यांच्याकडून थीम, पाहुणे, खाणं, रंग एवढं ठरवून घ्यायचं आणि गुन्हा मामा-मावशीने रचायचा. या वयात दुसऱ्या प्रकारच्या मुली जास्त भेटतात असा माझा अनुभव, पण गृहीत धरू नका.

आता गुन्हा. खून, अपहरण, रक्त हे सगळं टाळा. मुलं मागतात, पण सोळातलं एखादं रात्री झोपत नाही आणि मग त्याच्या आईचा फोन येतो. चोरी उत्तम. चोरीला जाणारी वस्तू घरातली आणि प्रेमाची असावी. उदाहरणार्थ, आजीची पाककृतींची जुनी वही. संशयित चौघं: बाबा, मामा, आत्या आणि शेजारच्या काकू. चोर निघतो मामा, आणि त्याचं कारणही गोड: आजीचेच चिरोटे स्वतः करून तिला चकित करायचं होतं. शेवटी वही सापडते ती चिरोट्यांच्या डब्यासकट, म्हणजे तपासाचं फळ मुलांच्या तोंडात पडतं.

इथे दोन गोष्टींवर मी अडून बसते. आलेल्या मुलांपैकी कुणालाही चोर करायचं नाही, खोटंखोटं सुद्धा नाही. खेळ संपतो, पण शाळेत 'चोर' ही हाक महिनाभर टिकते. आणि संशयितांच्या यादीत वॉचमन, कामाला येणाऱ्या मावशी, ड्रायव्हर यांना घ्यायचं नाही. 'वस्तू हरवली, आधी त्यांना विचारा' ही सवय मुलं आजूबाजूला बघतच असतात. वाढदिवसाच्या खेळातून आपण तिला खतपाणी घालायचं नाही. चोर घरचाच, मोठाच आणि हसत पकडला जाणारा हवा.

गुन्हा शेवटाकडून रचा. आधी चोर ठरवा, मग तो कुठल्या पुराव्यांनी पकडला जाईल ते. एकाच पुराव्यावर चोर सापडला तर पहिल्या दहा मिनिटांत खेळ खलास, म्हणून प्रत्येक पुराव्याने एकदोन संशयितच गळायला हवेत. आपल्या गोष्टीत चपलेचा ठसा २७ सेंटिमीटरचा: आत्या आणि काकू सुटल्या. अंगठ्याच्या ठशावर चक्र: मामा आणि आत्या उरतात, बाबा आणि काकू सुटतात. चोरीची वेळ साडेतीन: त्या वेळी बाबा केक आणायला गेले होते, बिलावर वेळ छापलेली आहे. तिन्ही जुळवलं की मामा. कागदावर असा तक्ता करून एकदा तपासाच. मोठ्यांच्या नजरेतून निसटलेली फट मुलं बरोबर पकडतात.

हे चार टेबलांवर मांडायचं. चार मुलांचे चार गट, प्रत्येक टेबलाला पंधरा मिनिटं, घंटी वाजली की पुढच्या टेबलावर. सगळे गट एकाच वेळी वेगवेगळ्या जागी असल्यामुळे गर्दी होत नाही आणि कुणी रिकामं बसत नाही.

पहिलं टेबल हळदीचं. हे मुलांचं हमखास आवडतं, म्हणून नीट सांगते. खाण्याचा सोडा आणि पाणी साधारण सारखं घेऊन ढवळा, कान कोरायची कापसाची काडी त्यात बुडवून पांढऱ्या कागदावर मोठ्या अक्षरांत 'साडेतीन वाजता' असं लिहा आणि पूर्ण वाळू द्या. कागद कोरा दिसतो. मुलांना वाटीत थोड्या सॅनिटायझरमध्ये कालवलेली हळद आणि कापसाचा बोळा द्या. बोळा कागदावर फिरला की कागद पिवळा होतो आणि अक्षरं तांबडी उमटतात. हळदीच्या डागाला साबण लागला की तो लाल होतो ते सगळ्या घरांनी पाहिलेलं असतं. कारण तेच: सोडा आणि साबण अल्कधर्मी, त्यांच्या संगतीत हळदीचा रंग बदलतो. हळदीत चुना मिसळून पारंपरिक कुंकू होतं तेही यामुळेच. पहिलं अक्षर उमटतं तेव्हा चारही डोकी कागदावर एकत्र येतात, आणि सगळ्यात गप्प मुलगा 'थांब, इथे अजून आहे' म्हणून बोळा हातात घेतो. नुसत्या पाण्यातली हळदही चालते, रंग थोडा फिका येतो. टेबलावर वर्तमानपत्रं जाड अंथरा. हॉलच्या पांढऱ्या टेबलक्लॉथवर हळद सांडली तर डिपॉझिट गेलंच. आणि सॅनिटायझर पेटतं, तेव्हा हे टेबल केक आणि मेणबत्त्यांपासून लांब.

दुसरं टेबल पावलाचं. मोठ्या ट्रेमध्ये रांगोळी सपाट पसरून त्यावर मामाच्या चपलेचा ठसा घ्या. शेजारी मोजपट्टी आणि चारही संशयितांची एकेक चप्पल. मुलं मोजतात, नोंद करतात, भांडतात, परत मोजतात. याला तयारी जवळजवळ शून्य.

तिसरं टेबल बोटांच्या ठशांचं. पेल्यावर पावडर टाकून ठसा उठवायचा बेत बहुतेक जण करतात, पण तो पार्टीत बेभरवशाचा असतो. त्यापेक्षा पेन्सिलीचं शिसं कागदावर गडद घासा, त्यावर अंगठा फिरवा, अंगठ्यावर सेलोटेप दाबून अलगद काढा आणि पांढऱ्या कार्डावर चिकटवा. ठसा लख्ख येतो. चारही संशयितांचे असे ठसे आदल्या दिवशी घेऊन ठेवा आणि मामाचा आणखी एक 'घटनास्थळी सापडलेला' म्हणून. तुमच्या मामाच्या अंगठ्यावर चक्र नसेल तर तक्ता त्याप्रमाणे बदला. शंख, चक्र आणि कमान अशा तीन जाती मुलांना दाखवा. माणसांच्या बहुतेक बोटांवर शंख असतो, साधारण तिसऱ्या हिश्शाच्या आसपास चक्र आणि कमान अगदी थोड्या बोटांवर. या टेबलावरच्या दादा किंवा ताईला एक गोष्ट सांगायला लावा: बोटांच्या ठशांचं जगातलं पहिलं पोलीस दफ्तर १८९७ साली कोलकात्यात उघडलं, आणि ठशांची वर्गवारी बसवण्यात अझीझुल हक आणि हेमचंद्र बोस या आपल्याकडच्या दोन अधिकाऱ्यांचा मोठा वाटा होता. डिटेक्टिव्ह म्हणजे लांब कोट आणि पाइप असं चित्र डोक्यात असलेली मुलं हे ऐकून चकित होतात.

चौथं टेबल जबाबाचं, आणि पार्टीचा जीव इथेच आहे. चारही मोठी माणसं खुर्च्यांवर बसतात आणि मुलं त्यांना प्रश्न विचारतात. प्रत्येकाला अर्ध्या पानात तो साडेतीनला कुठे होता, कुणाला पाहिलं, वहीबद्दल काय माहीत आहे एवढं लिहून द्या. नियम एकच: जे विचारलं त्याचंच उत्तर द्यायचं, आपणहून काही सांगायचं नाही. खोटं बोलायची परवानगी फक्त चोराला आणि तीही एकदाच. केकचं बिल बाबांच्या खिशात, मागितलं तरच दाखवायचं. मोठ्यांनी विनोद करून मुलांचा फज्जा उडवू नये हे आधी बजावून ठेवा. मुलं इथे अगदी गंभीर असतात आणि त्यांना तसंच गंभीरपणे उत्तर मिळालं पाहिजे. आत्याने एखादं उत्तर 'च'च्या भाषेत दिलं तर धमाल येते. 'वही बघा'चं 'चहीव चघाब'. पहिलं अक्षर शेवटी, पुढे च. कुणीतरी एक जण ते ओळखतोच आणि बाकीच्यांना शिकवतो.

चार टेबलं झाली की चोर कळतो, वही कुठे आहे ते कळत नाही. प्रत्येक गटाला शेवटी एका कागदाचा चतुर्थांश तुकडा मिळालेला असतो. चारही तुकडे जोडल्याशिवाय निरोप वाचता येत नाही. म्हणजे सोळाही मुलं एका टेबलाभोवती येतात, कुणी पहिलं नाही, कुणी हरलं नाही. बक्षिसं नसलेली पार्टी मुलांना पचेल का असं पालक विचारतात. चोर पकडताना कुणाला आठवत नाही.

निरोप अंकपल्लवीत लिहा. आपल्या वर्णमालेची ठेवणच अशी आहे की संकेतलिपी आयती मिळते. क-वर्ग पहिली ओळ, च-वर्ग दुसरी, ट-वर्ग तिसरी, त-वर्ग चौथी, प-वर्ग पाचवी. सहावीत य र ल व श, सातवीत ष स ह ळ. प्रत्येक अक्षराला ओळ आणि स्थान असे दोन आकडे, काना-मात्रा आहेत तशाच. 'पायरीखाली' होईल ५-१ काना, ६-१, ६-२ दुसरी वेलांटी, १-२ काना, ६-३ दुसरी वेलांटी. जोडाक्षर नसलेला शब्द निवडा. इंग्रजी माध्यमाची मुलं असतील तर वर्णमालेचा तक्ता भिंतीवर लावा, त्यांनाही जमतं. महानुभाव पंथाने आपले ग्रंथ सकळ आणि सुंदरी अशा सांकेतिक लिप्यांमध्ये लिहून ठेवले होते, शिवाजी महाराजांचे हेर म्हणून बहिर्जी नाईकांचं नाव तर मुलांना पाठच असतं. एवढं सांगितलं की हे कोडं त्यांना परकं वाटत नाही.

वेळ साडेचार ते साडेसात ठेवा, त्याहून लांबवू नका. पहिली वीस-पंचवीस मिनिटं सगळ्यात अवघड असतात, कारण मुलं एकेक करून येतात आणि आलेली आधीच उधळतात. दारातच एक टेबल ठेवा: येईल त्याने स्वतःचं तपास पथकाचं ओळखपत्र करायचं, सांकेतिक नाव घ्यायचं, अंगठ्याचा ठसा चिकटवायचा आणि आपला शंख की चक्र ते शोधायचं. मोबाइल त्याच टेबलावरच्या डब्यात जमा. सोबत कोकम सरबत आणि काहीतरी छोटं खायला, कारण मुलं भुकेली येतात आणि भुकेली मुलं कोडी सोडवत नाहीत. पाचला आजीने येऊन वही गेल्याचं सांगायचं. सव्वासहापर्यंत तपास, मग निरोप, वही, चिरोटे. साडेसहाला केक, मग जेवण. डिसेंबरात सहाच्या सुमारास अंधार पडतो, त्यामुळे शेवटची शोधाशोध हॉल आणि त्याच्या पायऱ्या एवढ्यातच. पार्किंग, लिफ्ट, गच्ची आणि पाण्याच्या टाकीकडची बाजू पूर्ण बंद, आणि हे मुलांना सुरुवातीलाच दाखवून सांगा. मागे घेतल्या जाणाऱ्या गाडीमागून धावणारं मूल ड्रायव्हरला दिसत नाही.

गट चिठ्ठ्यांनी पाडा. कॅप्टन निवडून 'मला हा हवा' सुरू झालं की शेवटी उरलेलं मूल कोण ते सगळ्यांना दिसतं. फक्त जिवलग जोडी फुटून कुणी अगदी एकटं पडत नाही ना, एवढं चिठ्ठ्या घडी करताना बघा. भाऊ-बहीण म्हणून आलेल्या सहा-सात वर्षांच्या पोरांना 'निरोप्या' करा, टेबलावरून टेबलावर लखोटे पोहोचवायचं काम द्या. ती दिवसभर खूश असतात.

बोलावण्याबद्दल थोडं कडक बोलते. वर्गात ३० मुलं असतील तर १०-१२ बोलवा किंवा सगळी बोलवा. २५ बोलावून पाच वगळू नका, त्या पाचांना ते नेमकं कळतं. आमंत्रण वर्गाच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर टाकू नका, प्रत्येक पालकाला वेगळं पाठवा, आणि त्यातच विचारून घ्या: कुणाला शेंगदाणे वगैरे कशाची ॲलर्जी, कोण जैन जेवतं, कोण अंडं खात नाही. केक एगलेस घेतला की अर्धे प्रश्न मिटतात. जेवणात थीम शोधू नका. भिंगाच्या आकाराची बिस्किटं कुणी खात नाही. पावभाजी, एक पाणीपुरी किंवा दाबेलीचा कोपरा आणि आइस्क्रीम, मुलं तृप्त. कांदा, लसूण आणि बटाटा नसलेला एक पदार्थ मात्र आठवणीने ठेवा.

१२,००० चे भाग मी असे करीन: खाणं ५,०००, हॉल २,०००, केक १,५००, रिटर्न गिफ्ट १,५००, खेळाचं सामान १,००० आणि ऐनवेळच्या खर्चाला १,०००. खेळाचं सामान खरं तर त्याहून कमीतच होतं. रिटर्न गिफ्ट म्हणून छोटं भिंग आणि खिशात मावणारी वही द्या. भिंगं तपासाच्या सुरुवातीलाच वाटा म्हणजे ती वापरली जातात, घरी जाताना हातात कोंबलेल्या प्लास्टिकसारखी पडून राहत नाहीत. पुण्यात बोहरी आळीत आणि अप्पा बळवंत चौकात, मुंबईत क्रॉफर्ड मार्केटच्या आसपास हे सगळं घाऊक मिळतं. भिंगातून सूर्याकडे बघायचं नाही, हे वाटतानाच सांगा.

सजावटीत थर्माकोल आणू नका, महाराष्ट्रात २०१८ पासून त्यावर बंदी आहे. तुटक काळी-पिवळी पट्टी आणि भिंतीवर संशयितांचे फोटो दोऱ्याने जोडलेला एक फळा पुरे, तो फळा मुलं स्वतः भरतील. फेसाचा स्प्रे अजिबात आणू नका. तो पेट घेतो आणि नेमका केकवरच्या मेणबत्तीशेजारी उडवला जातो. तरंगणारे गॅसचे फुगेही नकोत, रस्त्यावरचे फुगेवाले पुष्कळदा त्यात हायड्रोजन भरतात.

मदतीला मोठी माणसं किती? चार संशयित जबाबाच्या टेबलावर, उरलेल्या तीन टेबलांवर एकेक दादा किंवा ताई, एक जण दारात आणि एक जण खाण्यापाशी. कॉलेजमधली भावंडं या कामाला उत्तम, त्यांना मुलं मानतात. थांबणाऱ्या पालकांसाठी वेगळ्या खुर्च्या आणि चहा ठेवा, नाहीतर ते टेबलापाशी येऊन आपल्या मुलाला उत्तर सांगतात. आदल्या आठवड्यात एखाद्या मोठ्या भावंडाला बसवून चारही टेबलं एकदा खेळवून बघा. त्याला एका टेबलाला दहा मिनिटं लागली तर तुमच्या मुलांना पंधरा पुरतील. त्यालाच पंधरा लागली तर ते टेबल सोपं करा.

आणि हॉलचं आजच बघा. डिसेंबरात लग्नं, शाळांची स्नेहसंमेलनं आणि सोसायटीचे स्वतःचे कार्यक्रम असतात. तारीख पक्की करण्याआधी संमेलनाची आणि चाचणी परीक्षेची तारीख शाळेकडून विचारून घ्या. वाढदिवस मंगळवारी येत असेल तर त्या दिवशी घरी औक्षण आणि पुढच्या शनिवारी पार्टी, याला मुली आनंदाने तयार होतात.